मास्तर विसरले नव्हते

"सहीच तर आणायचीय," साहेब म्हणाले आणि त्यांनी कागद फोरमनच्या पुढे सरकवला. "तुम्ही गेलात तर ते नाही म्हणायचे नाहीत. तुम्ही त्यांचा जीव वाचवलाय."

कागदावर सात ओळी होत्या. पाचवी ओळ फोरमनला टेबलापलीकडून, उलटीसुद्धा वाचता आली: 'त्या दिवशी हौदात उतरण्यापूर्वी मी माझे कुलूप स्विचला लावण्यास विसरलो.' खाली मास्तरांच्या सहीसाठी जागा. उद्या अकरा वाजता सरकारी तपासनीस बाई येणार होत्या. एवढा कागद त्यांच्या फायलीत गेला की चौकशी बंद आणि सगळे मोकळे. म्हणजे मास्तर सोडून सगळे. ती पाचवी ओळ खोटी आहे हे साहेबांना ठाऊक नव्हतं. ते फक्त फोरमनला ठाऊक होतं, आणि गेले पाच आठवडे त्यानं ते बायकोलासुद्धा कळू दिलं नव्हतं.

त्यानं कागदाची घडी घातली, शर्टाच्या खिशात ठेवली आणि दुपारच्या बसनं निघाला.

काय घडलं होतं ते आधीच सांगून टाकलेलं बरं. लपवाछपवी करायला या गोष्टीत फोरमन पुरेसा आहे, त्यात आपली भर नको.

कारखाना पुठ्ठ्याचा. तिथं एक हौद आहे, म्हणजे खोलीभर मोठी लोखंडी टाकी. वरून रद्दी आणि पाणी पडतं, तळाशी पातं फिरतं, आणि खोकी, वर्तमानपत्रं, परीक्षेचे पेपर, कुणाकुणाची प्रेमपत्रं या सगळ्यांचा एकजात राखाडी लगदा होतो. रद्दीबरोबर तारा येतात, प्लास्टिकच्या पट्ट्या येतात, त्या पात्याला गुंडाळतात. मग हौद रिकामा करून कुणाला तरी शिडीनं आत उतरावं लागतं आणि वाकून त्या कापून काढाव्या लागतात. आत माणूस असताना बाहेर कुणी बटण दाबलं तर काय होईल, हे सांगायला ज्योतिषी नको. म्हणून तिथं नियम आहे: उतरणाऱ्यानं स्विचचा दांडा खाली ओढायचा, त्याला स्वतःचं कुलूप लावायचं, किल्ली खिशात टाकायची आणि मगच शिडीवर पाय ठेवायचा. प्रत्येकाचं कुलूप वेगळं, त्यावर नंबर रंगवलेला. कुलूप लटकतंय तोवर आत जीव आहे असं धरायचं.

नियम सोन्यासारखा, पण माणसं मातीची. काम संपवून लोक कुलूप तसंच लटकत ठेवून घरी निघून जायचे. पुढची पाळी खोळंबायची. त्यासाठी फोरमनच्या कप्प्यात एक मोठी किल्ली होती, सगळ्या कुलपांना चालणारी. ती वापरायचीही रीत होती: कुलूपवाल्याला फोन करायचा, दोघांनी कड्यावरून हौदात डोकावायचं, दोघांनी वहीत सह्या करायच्या. पहिलं वर्षभर रीत पाळली. मग फोन गेला, मग दुसरा माणूस गेला, मग डोकावणंही गेलं. उरली नुसती हाक. या पाळीचा फोरमन तेच करायचा, त्या पाळीचा फोरमनही तेच. नऊ वर्षं कुणाला ओरखडा उठला नाही, आणि ओरखडा उठत नाही तोवर आळसाला लोक अनुभव म्हणतात.

मास्तर हे काही शाळेतले मास्तर नव्हेत. त्यांची शाळा सातवीतच सुटली होती. पण कारखान्यात आलेल्या प्रत्येक नव्या माणसाला कुलूप कसं लावायचं, लावल्यावर दोनदा ओढून कसं पाहायचं, हे त्यांनी शिकवलेलं, म्हणून मास्तर. फोरमनलाही त्यांनीच शिकवलं होतं. लोक त्यांची टिंगल करायचे, घरी जेवणाच्या डब्यालाही कुलूप लावता का म्हणून विचारायचे. मास्तर हसायचे आणि पुन्हा ओढून पाहायचे.

त्या सकाळी पात्याचा आवाज मास्तरांच्या कानाला खटकला. त्यांनी हौद रिकामा करून घेतला, स्विच पाडला, कुलूप लावलं आणि कानात बोळे घालून खाली उतरले. वर एक माणूस उभा ठेवायचा असाही नियम होता, पण माणसं कमी केल्यापासून तो नियम भिंतीवरच्या पाटीपुरता उरला होता. वीसेक मिनिटांनी फोरमन आला. रात्रपाळी गेलेली, माल न्यायला ट्रक दारात उभा, ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय, आणि स्विचला कुलूप. 'गेला वाटतं कुणीतरी तसाच,' असं त्याच्या मनात आलं. नंबर त्यानं पाहिला नाही. शेजारचा पंप घरघरत होता. त्यानं हौदाकडे तोंड करून एक हाक मारली, "कोण आहे का रे?" कड्यापर्यंत चार पायऱ्या होत्या, त्या चढला नाही. किल्ली लावली, कुलूप खिशात टाकलं, दांडा वर केला, बटण दाबलं.

पातं दीड फेरा फिरलं.

पुढचं जे त्यानं केलं तेही खरंच. लाल बटण दाबून तो शिडी न वापरता आत उडी मारून गेला, कमरेचा पट्टा काढून मास्तरांच्या मांडीला आवळला, त्यांना खांद्यावर घातलं आणि निसरड्या शिडीवरून एकटा वर घेऊन आला. उजवा पाय गुडघ्याखाली गेला, माणूस वाचला. रुग्णवाहिकेमागे सगळे फाटकापर्यंत धावले. फोरमनही धावणार होता. हात पुसायला रुमाल काढावा म्हणून त्यानं खिशात हात घातला आणि हाताला कुलूप लागलं.

चौदा नंबर.

कपडे बदलायची खोली शेजारीच होती. मास्तरांचा लॉकर उघडाच असायचा. "कुलूप यंत्राला, कपड्यांना कशाला?" असं ते म्हणायचे. फोरमननं कुलूप पुसलं, लॉकरच्या वरच्या फळीवर ठेवलं आणि दार लोटून घेतलं. स्विचपासून लॉकरपर्यंत तेवीस पावलं होती. ती त्यानं तेव्हा मोजली नव्हती, नंतर मोजली. रोज मोजत होता.

दुपारी कुलूप लॉकरमध्ये सापडलं, आणि निकाल लागला. मास्तर कुलूप लावायला विसरले. इतकी वर्षं सगळ्यांना शिकवणारा माणूस स्वतःच विसरला. चहाच्या टपरीवर लोक हळहळले, "चांगल्याच्याच नशिबी असलं येतं," म्हणाले, आणि फोरमनच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "देवमाणूस आहेस बाबा तू." सूचनाफलकावर त्याचा फोटो लागला. तो दिवसातून चार वेळा त्या फलकासमोरून जायचा आणि चारही वेळा खाली बघत जायचा.

बसमध्ये खिडकीशी बसून फोरमन मनातल्या मनात रोजचीच वकिली करत होता. पहिला मुद्दा त्याला तोंडपाठ झाला होता. दुसऱ्या पाळीच्या फोरमननंही त्याच आठवड्यात असंच कुलूप काढलं होतं, एक हाक मारून, न डोकावता. त्याचा हौद रिकामा होता, आपला नव्हता. कृती तीच, बेफिकिरी तीच, मग तो संध्याकाळी पोरांना घेऊन बागेत जातो आणि आपल्याला घास गिळवत नाही, हा कुठला न्याय? माणूस चांगला की वाईट हे त्याच्या करणीवरून ठरतं की हौदात कोण होतं त्यावरून? इथवर वकिली झकास चालायची. मग तेवीस पावलं यायची आणि वकिलाची दातखीळ बसायची. कारण त्या पावलांना घाई नव्हती, ट्रकचा हॉर्न नव्हता, पंपाची घरघर नव्हती. तेवढी पावलं त्यानं शुद्धीत टाकली होती. आणि त्या पाळीच्या फोरमननं ती टाकली नव्हती.

पण खरं बोललं तर काय? नोकरी जाईल, खटला होईल, कदाचित कोठडीही. घरात दोन मुलं, आजारी सासरा, बायकोची शिवणाची चार कामं. आणि मास्तरांचा पाय त्यानं परत येणार आहे का? नाही ना? मग? हा 'मग' त्याला पाच आठवडे पुरला होता. शेजारी बसलेल्या माणसानं सहज त्याच्या खिशाकडे पाहिलं, तर त्यानं खिशावर हात ठेवला. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय.

मास्तरांचं घर दुसऱ्या मजल्यावर. दार वहिनींनी उघडलं.

"या भावजी. तुमचीच आठवण काढत होते."

मास्तर खिडकीजवळच्या खुर्चीत बसले होते. विजारीचा उजवा पाय दुमडून पिनेनं टाचलेला. कुबड्या भिंतीला टेकवलेल्या. पाच आठवड्यांत माणूस पंधरा वर्षांनी म्हातारा झाला होता.

"ये रे. अगं, माझा जीवदाता आलाय, चहा टाक."

फोरमन पाणी प्यायच्या निमित्तानं वहिनींच्या मागे स्वयंपाकघरात गेला. तिथं वहिनींनी गॅस पेटवला, दार थोडं लोटलं आणि डब्यांच्या मागून एक वही काढून त्याच्या हातात दिली.

"बघा."

मास्तरांचं अक्षर होतं. 'दहा वाजून पाच मिनिटं. गॅस बंद. दहा वाजून सात मिनिटं. गॅस बंद, पुन्हा पाहिला. दहा वाजून दहा मिनिटं. दाराची कडी लावली. दहा वाजून अकरा मिनिटं. कडी लावली आहे.' पानंच्या पानं.

"दिवसभर हेच चालतं," वहिनी हळू आवाजात म्हणाल्या. "नातीला उचलत नाहीत. म्हणतात, मी हिला कुठं ठेवलं ते विसरलो तर? पायाबद्दल अवाक्षर काढत नाहीत हो. पण सासऱ्यांचं तुम्हाला माहीतच आहे."

माहीत होतं. मास्तरांचे वडील शेवटची सहा वर्षं कुणालाच ओळखत नव्हते. मास्तरांनी त्यांना हातानं भरवलं होतं. कारखान्यातून धावत घरी जायचे त्यासाठी.

"त्यांची सुरुवात अशीच झाली होती, म्हणतात. आधी कुलूप, मग किल्ली, मग लेकरं. डॉक्टरांकडे चला म्हटलं तर येत नाहीत, घाबरतात. भावजी, तुमचं ऐकतात ते. सगळेच विसरतात, एवढं सांगा त्यांना. तुम्ही सांगितलं तर पटेल."

पाय परत येणार आहे का, हा प्रश्न फोरमननं पाच आठवडे स्वतःला विचारला होता. मास्तरांचं आणखी काही गेलंय का, हे त्याच्या डोक्यातही आलं नव्हतं. त्याला वाटलं होतं की आपण फक्त एक दोष इकडून उचलून तिकडे ठेवला. त्यानं वही मिटून परत दिली.

तो बाहेर येऊन मास्तरांसमोर बसला.

"मास्तर, विसरतात हो सगळेच. मी परवा माझा चष्मा..."

"इतर विसरतात," मास्तर म्हणाले. "मी नाही विसरत. नव्हतो विसरत." त्यांनी आवाज खाली आणला. "तुला म्हणून सांगतो, हिला सांगू नकोस. मला आठवतंय रे. कुलूप लावलेलं आठवतंय. खटका ऐकू आलेला आठवतोय. दोनदा ओढून पाहिलं, तेही आठवतंय. आणि कुलूप निघालं लॉकरमध्ये. मग मला आठवतंय ते काय आहे? माझ्या डोक्यानं रचलेलंच ना? पाय गेला तर माणूस कुबडी घेतो. डोक्याला कुठली कुबडी लावायची?"

फोरमननं खाली पाहिलं.

"असू दे. कागद आणलायस ना? साहेबांचा फोन आला होता. आण इकडे. माझ्यामुळे तुमची चौकशी लांबली, खात्याला बट्टा लागला, तो एकदाचा मिटू दे."

फोरमननं कागद दिला. मास्तरांनी चष्मा लावला आणि ओळीखाली बोट धरून मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. पाचव्या ओळीवर त्यांचं बोट थांबलं. ते ती ओळ दोनदा वाचून पुढे गेले. मग त्यांनी हात पुढे केला, आणि फोरमननं खिशातलं पेन काढून त्या हातात ठेवलं. पेन देताना आपण काय करतोय हे त्याला स्वच्छ दिसत होतं. आता फक्त गप्प बसायचं होतं. दहा सेकंद. आणि गप्प बसायची तर त्याला पाच आठवड्यांची सवय होती.

मास्तरांनी पेन टेकवलं. नावाचं पहिलं अक्षर निम्मं झालं असेल, तेवढ्यात फोरमननं कागदावर आपला पंजा ठेवला.

"तुम्ही लावलं होतं."

"काय?"

"कुलूप. लावलं होतं तुम्ही. चौदा नंबर. मी काढलं. मोठ्या किल्लीनं. एक हाक मारली आणि काढलं. डोकावलो नाही."

मास्तर त्याच्याकडे बघतच राहिले. शिव्या येतील, कुबडी अंगावर येईल, याची फोरमननं पाच आठवडे तयारी केली होती. एखाद्या वेड्या रात्री तर मास्तर आपल्याला जवळ घेऊन माफ करतात असंही त्यानं रंगवलं होतं. यातलं काहीच झालं नाही.

"लागलेलं होतं?" मास्तरांनी विचारलं.

"हो."

"नीट? खटका बसलेला?"

"नीट बसलेला होता. किल्ली फिरवल्याशिवाय निघालं नाही."

"अगं ए!" मास्तर एवढ्यानं ओरडले की स्वयंपाकघरात भांडं पडलं. "इकडे ये! ऐक हा काय म्हणतोय ते! मी लावलं होतं! अगं, मी विसरलो नव्हतो!"

ते हसत होते. खुर्चीच्या हातावर थापा मारत होते आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. पाय गेलेल्या माणसाला एवढा आनंद झालेला फोरमननं पाहिला नव्हता, आणि तो बघणं त्याला सोसवेना. मार परवडला असता.

वहिनी ओल्या हातांनी दारात येऊन उभ्या राहिल्या. त्या हसल्या नाहीत. नवऱ्याकडे पाहिलं, मग फोरमनकडे पाहिलं, आणि त्यांनी साधाच प्रश्न विचारला.

"मग लॉकरमध्ये कुणी ठेवलं?"

मास्तरांचं हसू थांबलं. आनंदाच्या भरात हिशेबातली एवढी मोठी वस्तू त्यांच्याकडून सुटली होती.

"मी," फोरमन म्हणाला.

"कधी?"

"तुम्हाला घेऊन गाडी गेल्यावर. सगळे फाटकाकडे होते."

"पाच आठवडे झाले," मास्तर म्हणाले. "दवाखान्यात मी तुझ्यासमोर रडलो. माझं डोकं चाललंय म्हणून. माझा हात धरून बसला होतास तू."

"मास्तर, चूक झाली. घाईत होतो, ट्रक उभा होता. त्या पाळीचा फोरमनही तसंच करतो, सगळेच करतात, माझंच नशीब खोटं म्हणून..."

"ते कळतंय मला." मास्तरांचा आवाज चढला नाही, त्यामुळेच फोरमनला जास्त भीती वाटली. "हाक मारून कुलूप काढतात हे मलाही माहीत होतं. मी ओरडायला हवं होतं, साहेबांपर्यंत जायला हवं होतं, नाही गेलो. तेवढं माझ्याही पदरात घाल. पाय यंत्रानं नेला रे. पण माझं डोकं तू नेलंस. आणि ते काही तू घाईत नेलं नाहीस."

वहिनी भिंतीला टेकून उभ्या होत्या. "रोज तुमचं नाव घेऊन देवापुढे दिवा लावत होते मी," एवढंच त्या म्हणाल्या, आणि त्यांच्या आवाजात राग नव्हता, किळस होती.

मास्तरांनी कागद उलटा केला. मागची बाजू कोरी होती. पेन त्यांनी फोरमनपुढे ठेवलं.

"लिही."

"साहेबांना सांगतो मी, उद्या बाईंसमोर..."

"उद्याचं उद्या. उद्यापर्यंत तुझ्या घरी बायको आहे, पोरं आहेत, ती तुला गप्प करतील. मीही केलं असतं तसंच. आत्ता लिही."

फोरमननं स्टुलावर कागद ठेवून लिहायला घेतलं. तारीख लिहिली, वेळ लिहिली. कुलूप लटकत होतं, मी हाक मारली, डोकावलो नाही, किल्ली लावली, बटण दाबलं. लिहून होताच त्यानं सही करायला पेन खाली नेलं.

"वाच," मास्तर म्हणाले.

त्यानं वाचलं.

"लॉकरचं राहिलं."

राहिलं होतं खरं. मुद्दाम नव्हतं राहिलं, पण हात आपोआप तिथं थांबला होता. फोरमननं मान खाली घालून ते लिहिलं. कुलूप पुसलं, तेही लिहिलं. मास्तर विसरले नव्हते, असं शेवटी लिहिलं, आणि ते वाक्य मास्तरांनी त्याच्याकडून दोनदा वाचून घेतलं.

आता झालं असं समजून तो उठला. माफी मागावी की नुसतंच निघावं हे त्याला कळेना. उद्या अकरानंतर आपण कोण असू, हेही कळत नव्हतं. पण आपण वाईट आहोत एवढं आता कागदावर पक्कं झालं, ही एक विचित्र सुटका होती. निदान त्या फलकासमोरून जायला नको.

"बस खाली. अजून एक राहिलंय."

"सगळं लिहिलं मास्तर. आणखी काही नाही केलं मी, खरंच."

"आत उडी मारलीस. पट्टा बांधलास. खांद्यावर घालून शिडी चढलास. डॉक्टर म्हणाले, दोन मिनिटं उशीर झाला असता तर मी नसतो. ते कुठाय यात?"

"नको ते. मास्तर, ते नको."

"घडलं की नाही घडलं?"

"घडलं."

"मग लिही. मला तुझी दया नाही आलेली, घोळ घालू नकोस. तू माझ्याकडे माफी मागितलीस तर मी देणार नाही, आज तर नाहीच. पण खोट्या कागदावर मी सही करणार होतो ना आत्ता? आता अर्धवट कागद नकोय मला. झालं तेवढं लिहायचं. कमी नाही, जास्त नाही."

फोरमननं पेन उचललं. कुलूप काढल्याचं त्यानं एका दमात लिहिलं होतं. लॉकरचं लिहिताना मान खाली गेली, पण अक्षर सरळ आलं होतं. आता 'मी आत उडी मारली' एवढे चार शब्द लिहायचे होते, आणि 'मी'च्या पुढे पेन सरकेना. त्यानं डोळे पुसले, पुन्हा टेकवलं, पुन्हा उचललं.

वहिनी आत निघून गेल्या. मास्तरांनी कागदावर, कोऱ्या जागेवर बोट ठेवलं.

"लिही सावकाश," ते म्हणाले. "मी बसलोय."